बसायला जागा असताना

रिकाम्या सीटा सोडून उभं राहण्यात तेजसचा फायदा काय, याचा हिशेब बसमधल्या प्रत्येकाने मांडला आणि प्रत्येकाचा चुकला. हडपसर गाडीतळावरून सुटलेली कंपनीची बस हिंजवडीला पोचेपर्यंत माणसाची एक झोप व्हायची, वर घरच्यांशी फोनवर एखादं भांडण उरकायचं. अशा प्रवासात मऊ सीट सोडून दांडा धरून उभा राहणारा पोरगा एक तर मॅनेजरच्या नजरेत भरायला बघतो, नाही तर एखाद्या मुलीच्या. मॅनेजर त्या बसने येत नसे. म्हणजे मुलगीच. फक्त ती कोण, एवढंच ठरायचं बाकी होतं.

यवतमाळहून नोकरीसाठी पुण्यात आलेल्या तेजसला खरं तर एवढंच मिळत होतं, की उतरल्यावर सरळ चालता यायचं. फार वेळ बसलं, की कमरेखाली उजव्या बाजूला कुणी पान्याने नट आवळावा तसं व्हायचं.

आणि मग ऑगस्टातल्या एका ओल्या सोमवारी संध्याकाळी, परतीच्या बसमध्ये, हिंजवडीला पुढच्या दाराने तनुजा चढली. केसांत पावसाचे बारीक मणी, खांद्यावर लॅपटॉपची जड बॅग. पथ्यावरच्या माणसाने पेढ्यांकडे बघावं तसं तिने रिकाम्या सीटांकडे बघितलं... आणि त्याच्या शेजारचा दांडा धरून उभी राहिली.

तेजसने सभ्यपणे सुचवलं, “बसा ना. जागा आहे.”

“दिसतेय मला,” ती म्हणाली. “तुम्हाला दिसत नव्हती वाटतं?”

हिंजवडी मागे पडेपर्यंत दोघंही खिडकीबाहेरच्या छत्र्या बघत राहिले. मग एका गतिरोधकावर बस उडाली. तनुजाने डोळे घट्ट मिटले, ओठ दाबले आणि डावी मूठ कमरेत रोवली. मूठ कुठे रोवायची हे ज्याला माहीत असतं, तो दुसऱ्याची मूठ लगेच ओळखतो.

“डावीकडे?” त्याने हळूच विचारलं.

तिने दचकून बघितलं. “काय डावीकडे?”

“मणका. शेवटचा. माझा उजवीकडचा आहे.”

तिने कमरेतली मूठ सोडवली. मग तिला हसू फुटलं — आवरलेलं, नाकातून निसटलेलं, बसमधल्या चार माना वळवणारं. “म्हणजे तुमचाही... चिकटलेला?”

“जन्मापासून. खालच्या हाडाला.”

“माझाही. अर्धवटच.” ती जवळ सरकून कुजबुजली, “डॉक्टर म्हणाले, एका बाजूने जोडलाय, दुसऱ्या बाजूने मोकळा.”

“आपल्या दोघांचं मिळून एक धड माणूस निघून राहिलं बघा.”

“निघून राहिलं?” तिने भुवया उंचावल्या. “यवतमाळ का अमरावती?”

“यवतमाळ. आणि तुम्ही? इतकं टोचून बोलता म्हणजे सदाशिव पेठ?”

“हडपसर. तिथे टोचत नाहीत, सरळ हाणतात.”

तिथून पुढे उभं राहणं हे दुखणं राहिलं नाही. ब्रेक लागला की तिची ओली ओढणी त्याच्या मनगटावर यायची, आणि ती काढून घ्यायला तिला रोज थोडा जास्त वेळ लागायचा. डॉक्टरांनी दोघांना सांगितलेलं त्यांनी ताडून पाहिलं, तर ते शब्दाला शब्द जुळलं: असा मणका पुष्कळांचा असतो, त्यातल्या बऱ्याच जणांना आयुष्यभर कळतही नाही, काहींच्या अर्धवट जोडाशी घासतं आणि दुखतं, तुमचंही त्यामुळेच दुखतंय असं शपथेवर सांगता येणार नाही. व्यायाम करा, चाला, फार वेळ बसू नका. संसार, मुलंबाळं, सगळं व्यवस्थित होईल. ही शेवटची ओळ तनुजाने सांगितली तेव्हा वाकड आलं होतं, आणि दोघांनी एकदमच बाहेर बघितलं. वाकडला बघण्यासारखं काही नव्हतं.

पण ती ओळ तनुजाच्या घरी कुणी ऐकून घेतली नव्हती. तिचे वडील रंगराव, म्हणजे सगळ्यांचे अण्णा, हे जुने हडपसरकर. त्यांच्या उसाच्या रानावर आता काचेच्या इमारती उभ्या होत्या, आणि रान गेल्यापासून ते अब्रूला जास्तच जपायचे. त्यांची थोरली बहीण सोजरबाई घर चालवायची, आणि एक्स-रे घरात आला त्याच दिवशी तिने निकाल दिला होता, “ह्यो कागद माळ्यावर टाका. पोरीच्या पाठीचं भाईर जायाचं न्हाय. लगीन झाल्यावर सांगू. हाडंच हायत, कुठं पळून जात्यात?”

मुलाची पाठ दुखली तर तो कामसू ठरतो. मुलीची दुखली तर स्थळ परत जातं. रंगरावांना हे पाठ होतं. दौंडच्या एका बागायतदार घराण्यातून स्थळ आलं होतं. तनुजाने मुलाचा फोटो पाहिला होता, तोही गाडीला टेकून काढलेला. मुलाचे चुलते रावसाहेब फार रीतीचे. दाखवायच्या दिवशी मुलीने बैठकीतल्या एकूण एक थोरांच्या पायाशी वाकून नमस्कार करायचा, हे त्यांनी आधीच कळवलं होतं. तनुजा रात्री दार लावून वाकायचा सराव करायची, आणि तिसऱ्या नमस्काराला भिंत धरायची.

हे कळल्यावर तेजसने दांड्यावरचा हात बदलला. मग म्हणाला, “तू नाही म्हणून टाक ना.”

‘तुम्ही’चं ‘तू’ कधी झालं, ते दोघांच्याही लक्षात आलं नाही.

“नाही म्हणायला कारण लागतं,” तनुजा म्हणाली. तिने दांड्यावरची बोटं त्याच्या बोटांपर्यंत सरकवली, आणि तिथेच ठेवली. “खरं कारण सांगायचं नाही. दुसरं माझ्याकडे... अजून कुणी दिलेलं नाही.”

तेजसच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. कारण द्यायचं त्याच्या ओठांवर आलं होतं, पण तेवढ्यात त्याचा स्टॉप आला, आणि शूर वीर उतरून गेला.

हे सगळं वरच्या आरशातून बघणारा एकजण होता. ड्रायव्हर संपत तनुजाच्या भावकीतलाच. त्याने पानाच्या टपरीवर सांगितलं, की अण्णांची पोरगी रिकाम्या सीटा सोडून एका पोराशेजारी उभी असते. टपरीवरून दौंडला पोचायला बातमीला बसइतकाही वेळ लागला नाही.

रावसाहेब येऊन बसले ते चहा न घेता. त्यांनी शांतपणे विचारलं, पोरीला बसायला जागा असताना ती उभी का? आता रंगरावांना अवघड जागेचं दुखणं झालं. पाठ दुखते म्हणावं, तर एक्स-रे माळ्यावरून खाली येतो. गप्प बसावं, तर पोरगी प्रेमात आहे हे कबूल होतं. त्यांनी वेळ काढायला म्हटलं, लोक काहीही बोलतात, चला, डोळ्यांनीच बघू.

त्या संध्याकाळी रंगराव आणि रावसाहेब गाडीतळावर जाऊन थांबले. बस आली. सीटा रिकाम्या, आणि मधोमध दांड्याला धरून दोघं — हसत.

तेजसचा स्टॉप मागेच गेला होता. त्या दिवशी तो मुद्दाम पुढे आला होता. का, ते त्यालाच विचारा. खाली उतरताच रंगरावांनी त्याला अडवलं.

“रोज उभे असता म्हणे,” ते म्हणाले. “का?”

तेजसने तनुजाकडे बघितलं. माझी पाठ दुखते एवढं म्हटलं असतं तर तो स्वतः सुटला असता. पण पुढचा प्रश्न ती का उभी असते हाच आला असता, आणि पुढ्यात रावसाहेब उभे होते. 

“मला त्या आवडतात, काका. बसल्यावर बोलता येत नाही, म्हणून मीच त्यांना उभं ठेवतो. चूक माझी आहे, त्यांची नाही.”

गाडीतळावरचे रिक्षावालेसुद्धा हॉर्न विसरले. रंगरावांचा हात वर गेला, तेवढ्यात तनुजा दोघांच्या मध्ये आली.

“खोटं बोलतोय तो, अण्णा. माझी पाठ दुखते म्हणून मी उभी राहते.” मग ती रावसाहेबांकडे वळली आणि ऑफिसात बोलावं तसं स्पष्ट बोलली. “माझा शेवटचा मणका जन्मापासून चिकटलेला आहे. मला बैठकभर माणसांच्या पायाशी वाकता येणार नाही. तुम्हाला सांगायचं नाही असं घरात ठरलं होतं.”

रावसाहेबांनी टोपी सारखी केली. “कळवतो,” ते म्हणाले, आणि स्टँडच्या दिशेने चालायला लागले. या शब्दाचा अर्थ हडपसरात लहान पोरांनाही माहीत आहे.

रंगराव फुटपाथच्या कठड्यावर बसले. ज्या दोन गोष्टी झाकायला ते धडपडत होते, त्या दोन्ही एकाच बसमधून उतरल्या होत्या.

“आता एकच सांगा,” ते थकून म्हणाले. “पाठ खरी, का हा खरा?”

तनुजाने तेजसकडे बघितलं. पाऊस भुरभुरत होता, संपत आरसा सोडून खिडकीतून अर्धा बाहेर आला होता, आणि तिच्या गालांवरचा रंग दिव्याचा नव्हता.

“पाठ खरी,” ती म्हणाली. “आणि... हाही.”

“त्याचीही पाठ आहे, काका,” तेजस घाईने म्हणाला. “म्हणजे माझी. उजवीकडून.”

रंगरावांनी कपाळाला लावलेला हात तोंडावर ओढून घेतला, पण उशीर झाला होता. मिशीखाली हसू आलं होतं. घरी सोजरबाईने सगळं ऐकलं आणि होणाऱ्या जावयाला पारखून म्हणाली, “दोघंबी तसलीच. मंग कोन कुनाला नावं ठिवनार? द्या लावून.”

लग्न माघात झालं. भटजींनी थोरांचे आशीर्वाद घ्या म्हटलं, तेव्हा दोन्हीकडचे वडीलधारे रांगेत पाय पुढे करून बसले होते. तनुजाने हात जोडले आणि गोड आवाजात सांगितलं, आम्ही दोघं उभ्याने नमस्कार करू. रांगेत कुजबूज सुरू झाली. यवतमाळची एक आजेसासू तर पाय मागे घेईना. कुजबूज वाढायच्या आत रंगराव उठले. फेट्याचा शेमला पाठीवर टाकला, पहिल्या खुर्चीशी गेले आणि वाकले.

“हा लेकीचा,” ते म्हणाले. पुन्हा वाकले. “हा जावयाचा.”

आणि असे ते शेवटच्या खुर्चीपर्यंत गेले.

तेव्हा जमाखर्च असा. रावसाहेबांना दौंडभर सांगायला गोष्ट मिळाली. संपतला लग्नात मानाचा टॉवेल मिळाला. तनुजाला असा माणूस मिळाला, ज्याच्यासमोर कमरेत मूठ रोवायला चोरी नाही. आणि तेजसला ती मिळाली, यापुढे त्याने दुसरं काही मोजलं नाही. दोघं महाबळेश्वरला चालत हिंडत होते, तेव्हा इकडे डॉक्टरांनी रंगरावांचा एक्स-रे उजेडात धरला. सगळे मणके सुटे, जागच्या जागी, एकही चिकटलेला नाही, पुस्तकात छापावेत असे. आणि खाटेवर पालथे पडलेले रंगराव शेक घेत विव्हळत होते.