बँकेची अकरावी वही

बँकेचे अध्यक्ष जिना चढून वर आले तेव्हा भाऊ आपला चष्मा शोधत होता. चष्मा कपाळावरच होता, पण अक्काने ते सांगेपर्यंत पाहुण्यांना उभंच राहावं लागलं.

अक्का खासगी तपासाची कामं घेते. भाऊ तिचा धाकटा भाऊ, निवृत्त चित्रकला शिक्षक. तो तिला मदत करतो, असं तो म्हणतो. अक्का त्यावर काही बोलत नाही, यातच तिचं प्रेम आलं.

“भागधारकांची मूळ वही गायब झालीय,” अध्यक्ष बसता बसता म्हणाले. “आजोबांनी बँक काढली तेव्हापासून कोणाचे किती शेअर, ते सगळं त्या एका वहीत. उद्या अकराला सभा आहे. एक मोठी बँक आम्हाला विकत घेतेय. बाकीचे भागधारक विरोधात आहेत, पण तीनशे ऐंशी शेअरपैकी दोनशे माझे, त्यामुळे ठराव पास झाल्यातच जमा. पण त्यांच्या वकिलांना मूळ वही बघायचीय.”

“संशय कोणावर?”

अध्यक्षांनी खिडकीबाहेर पाहिलं. “माझ्या थोरल्या बहिणीवर. बँकेसमोर तिचं बटणांचं दुकान आहे. तीस वर्षं आमचं बोलणं नाही. आणि विक्रीला तिचा कडाडून विरोध. ती वही धरून अकरा वह्या रात्री तिजोरीच्या खोलीत असतात. काल, मंगळवारी सकाळी दहाला त्या बाहेर आल्या, तेव्हा अकरा होत्या. सव्वादहाला ताई पैसे भरायला आली. साडेदहाला वकील आले, तेव्हा दहा. मधे बाहेरचं दुसरं कोणी आलं नाही. उद्या सभेआधी वही मिळाली नाही, तर पोलिसांत तिचं नाव द्यावं लागेल मला.”

हे सांगतानाही ते खिडकीबाहेरच बघत होते. भाऊला त्यांची फार दया आली. अक्काचं नाव आपल्याला कुणी असं द्यायला लावलं असतं तर, या विचाराने त्याने अक्काकडे चोरून पाहिलं.

बँकेत पाऊल टाकलं आणि बाकाच्या खिळ्याने भाऊची पँट फाडली. भाऊ तरातरा काउंटरकडे गेला. तिथे काळ्या पुठ्ठ्याची, लाल कोपऱ्यांची तक्रारवही नव्याकोऱ्या लाल फितीने बांधून ठेवली होती. भाऊने ती उघडली आणि आपलं दुःख विसरून हसायला लागला.

“अक्का, ही चिकटवलेली चिठ्ठी ऐक. ‘सोमवार, सायंकाळी पावणेपाच. पासबुकासाठी अर्धा तास उभा आहे. तक्रारवही जागेवर नाही, सबब चिठ्ठीवर लिहीत आहे. वही नाही, ही दुसरी तक्रार समजावी.’ काय वल्ली आहे!”

अक्का हसली नाही. तिने लाल फीत बोटाने चाचपली आणि म्हणाली, “तुझी पँट लिही आता.”

कॅशियरबाई आधीच वैतागलेल्या होत्या. “संध्याकाळी पाचला दप्तरखान्यातले तात्या वह्यांचा गठ्ठा आणतात, मी मोजते. अकरा झाल्या की कुलूप. सकाळी याच्या उलट.”

“वहीवरचं नाव वाचता?”

“गेल्या वर्षी बँकेतल्या सगळ्या वह्या एकसारख्या बांधून घेतल्या. एकेकीचं नाव वाचत बसले तर माझी बस गेलीच. अकरा म्हणजे अकरा.”

भाऊने मनातल्या मनात कॅशियरबाईंना दोषी ठरवून टाकलं. एवढं तोडून बोलणारी बाई काहीतरी लपवतच असणार.

दप्तरखाना मागच्या बाजूला होता. लाल फितीत बांधलेले गठ्ठे छतापर्यंत रचलेले, आणि त्यात मावतील एवढेसे तात्या. अडतीस वर्षं नोकरी, या महिन्याअखेर निवृत्त. “माझ्या हातून आजवर खाडाखोड झालेली नाही,” त्यांनी न विचारताच सांगितलं.

अक्काने वह्यांच्या ने-आणीची नोंद मागितली. पानाच्या वरच्या ओळीत सगळं स्वच्छ अक्षरात. त्याखाली शेवटपर्यंत ‘वरीलप्रमाणे’च्या दोन-दोन टिकल्या.

“तात्या, कॅशियरबाईंच्या सहीच्या रकान्यातसुद्धा टिकल्याच?”

तात्या ओशाळले. “हाताला सवय. ओळ सुरू केली की टिकल्या पडतच जातात.”

“वकिलांनी वहीतलं कुठलं पान मागितलं होतं?”

“सोमवारी दुपारी फोन आला होता. साहेबांचे वडील वारले, त्या वर्षीचं.” तात्यांनी चष्मा काढला आणि स्वच्छ काचा पुन्हा पुसायला घेतल्या.

बटणांच्या दुकानात अध्यक्षांच्या बहिणीने आपली पर्स काउंटरवर आपटली. “यात वही मावते का, तुम्हीच बघा. आणि घेऊन करू काय? माझा एक शेअर नाही त्यात. बाबा म्हणायचे, दोघांना सारखे देईन. नाही दिले. मीही कधी विचारलं नाही. असलं काही मागून घ्यायचं असतं का?”

“मग विक्रीला विरोध का?”

“आजोबांनी या बाजारात दारोदार फिरून ती उभी केली. मोठ्या बँकेला तिचं काय सुखदुःख?”

“सोमवारी बँकेत गेला होतात?” भाऊने उगाच दरडावून विचारलं.

“सोमवारी माझं दुकान बंद असतं. मी दिवसभर लेकीकडे होते.”

“चार वाजता अध्यक्षांच्या खोलीत याल?” अक्काने विचारलं.

“येते. तोंडावर चोर म्हणतो का, ते तरी बघू.”

चार वाजता सगळे जमले. अध्यक्ष आणि त्यांची बहीण खोलीच्या दोन टोकांना बसले.

“साहेब, तुमची वेळच चुकली,” अक्का म्हणाली. “वही मंगळवारी सकाळी गेलीच नाही. ती सोमवारी संध्याकाळी गेली.”

“पण मी अकरा मोजल्या!” कॅशियरबाई म्हणाल्या.

“मोजल्यात, वाचल्या नाहीत. सोमवारी पावणेपाचला तक्रारवही जागेवर नव्हती. एका गिऱ्हाइकाने तसं लिहून ठेवलंय. दिसायला ती बाकीच्या वह्यांसारखीच. रात्री ती तिजोरीच्या खोलीत अकरावी म्हणून झोपली आणि सकाळी अकरावी म्हणून बाहेर आली. मग तिला पुन्हा काउंटरला बांधलं, दप्तरखान्यातल्या लाल फितीने.”

सगळ्यांच्या माना तात्यांकडे वळल्या. भाऊने कॅशियरबाईंची मनातल्या मनात माफी मागितली.

“कशासाठी, हेही सांगते. बाबांनी दोघांना सारखं द्यायचं कबूल केलं होतं. शेअर मात्र सगळे एकाच्या नावावर. आणि नोंद करणाऱ्याचा हात असा, की सहीखालीही टिकल्या मारतो. सोमवारी वकिलांसाठी त्यांनी ते पान काढलं आणि तीस वर्षांनी स्वतःची चूक पाहिली. बरोबर ना, तात्या?”

तात्या उठून गेले. परत आले तेव्हा हातात जेवणाच्या डब्याची मोठी पिशवी होती. त्यातून त्यांनी वही काढली. “कालही आणली होती, साहेब. सांगायचं ठरवून आणली आणि तशीच परत नेली. ताईंचं नाव निघालं तेव्हा तर जीव नकोसा झाला. उद्या अकराच्या आत बोलणारच होतो.”

“पान फाडून टाकता आलं असतं,” अक्का हळूच म्हणाली.

“बँकेचं पान?” तात्यांना ते समजेचना.

पानावर दोन ओळी होत्या. पहिलीत अध्यक्षांचं नाव, शंभर शेअर. दुसरीत नावाखाली दोन टिकल्या, शंभर शेअर. मागे वडिलांचं पत्र टाचलेलं होतं: मुलाला शंभर, मुलीला शंभर.

अध्यक्षांनी ते पत्र दोनदा वाचलं आणि स्वतः उठून बहिणीच्या हातात दिलं. वाचून झाल्यावर तिने पदर डोळ्यांना लावला आणि तो बराच वेळ तिथेच राहिला.

“मला वाटलं, बाबांनी मला धरलंच नाही,” ती म्हणाली. “त्यांना कुठे जाब विचारणार? म्हणून तुझ्याशी बोलणं सोडलं.”

“मला वाटलं, मी काहीतरी केलं. काय केलं, तेच कळेना.” अध्यक्ष म्हणाले. “ताई, तीस वर्षांचा लाभांश मी तुझा—”

“त्याचं बघू नंतर. तात्या, रडू नका, तुम्ही लपवली म्हणून का होईना, मी या खोलीत आले.” मग ती भावाकडे वळली. “उद्या अकराला ना सभा? आधीच सांगते, माझे शंभरच्या शंभर तुझ्याविरुद्ध पडणार. ठराव पडेल तुझा.”

“पडू दे,” अध्यक्ष म्हणाले. “पण बसायला माझ्या शेजारी ये.”