घोंगडीखाली हरवलेला ठोका

बस चुकली होती. पाऊस तिरपा होऊन थांब्यात शिरत होता, आणि वेळ जावा म्हणून मी फिडल काढून आजोबांचा स्प्रिंगार, म्हणजे जोडीने गिरक्या घेत नाचायची चाल, वाजवत होते. शेजारचा उंच मुलगा बुटाने ठोका धरायला लागला... आणि दर वेळी मला आडवा जायला लागला!

“अहो, पाय चुकतोय तुमचा,” मी म्हटलं.

“पाय बरोबर आहे. तुमचा गज घाई करतोय.” वर हसलासुद्धा, मेला!

मला राग आला, पण बोट नेमकं दुखऱ्या जागी पडलं होतं. आमच्या वाल्द्रेसच्या खोऱ्यात ही नाचाची चाल येणारे आजोबा शेवटचे. ते गेले आणि मागे एक ध्वनिफीत राहिली. ध्वनिमुद्रण करणाऱ्या शहाण्यांनी, खडखडाट नको म्हणून, त्यांच्या पायाखाली घोंगडी घातली होती. सूर उरले, पायाचा ठोका गेला. ठोका नाही तर नाच नाही, आणि जिच्यावर कुणी नाचत नाही ती चाल कपाटातच मरते. महिनाअखेरीस गावच्या नाचात मला ती वाजवायची होती.

तोर्लाइव त्याचं नाव. त्याची आत्या तरुणपणी आजोबांच्या वाजवण्यावर नाचायची. वारण्याआधी तिने पावलं याला शिकवली होती. मग तो रोज आमच्या स्वयंपाकघरात येऊ लागला. मी वाजवायची, तो खुर्चीला जोडीदारीण करून गिरक्या घ्यायचा.

“पहिला ठोका आखूड, गुन्वोर. दुसऱ्यावर रेंगाळ... अजून थोडी.”

“किती रेंगाळू? तिकडे वाफल करपतायत!”

“करपू देत. मी करपलेले खातो.”

आणि खायचाही, तपकिरी चीज लावून, माझ्याकडे बघत. पुढचा वाफल मी मुद्दामच करपवायची.

नाचाच्या दिवशी मी ती चाल वाजवली, आणि पहिल्याच फेरीत सगळ्यांचे पाय एकदम पडले. लाकडी जमीन दणाणली. माझे डोळे भरून आले. “पुन्हा!” लोक ओरडले. पुन्हा वाजवली, पुन्हा पुन्हा वाजवली. तोर्लाइव मात्र एकीचा हात सोडून दुसरीचा धरत होता, आणि मी आपली वाजवतेय! मला भारी हेवा वाटला.

मी थांबले तसा तो घामाघूम होऊन आला. “एक सांगू? तुझा ठोका पहिल्याच आठवड्यात बसला होता.”

“मग महिनाभर ‘अजून रेंगाळ’ काय चाललं होतं?”

“नाहीतर... तू मला परत बोलावलं असतंस?”

“लबाडा! मी रात्र रात्र रडलेय, चाल गेली म्हणून!”

त्याचं हसू मावळलं. “चुकलो मी. खरंच चुकलो. पण तू मला फार आवडतेस — त्यात लबाडी नाही. नाचशील माझ्याबरोबर?”

“आणि वाजवणार कोण?” मी फिडल त्याच्यापुढे धरलं.

तेवढ्यात भिंतीलगतच्या बाकावर कुणी म्हातारी गुणगुणू लागली. फिडल नसलं की आमच्याकडे चाल तोंडानेच म्हणतात. तिच्यामागून दुसरी, मग पलीकडचे पुरुष, मग सगळं सभागृह. संध्याकाळभर ऐकून सगळ्यांना ती पाठ झाली होती. आता मला काही झालं तरी ती राहणार होती...

मी फिडल पेटीत ठेवलं आणि त्याचा हात धरला.

“तूही आवडतोस,” मी म्हटलं, “पण पुन्हा फसवलंस तर खुर्चीबरोबरच नाचावं लागेल.”