अक्रोडाखालचं नाटक

युक्रेनमधल्या चेर्निव्त्सी शहराच्या चढावर, ऐन पावसात ट्रॉलीबस बंद पडली. माझ्या शेजारचा उंच माणूस खिडकीच्या काचेला म्हणाला, "माझ्या मुलाला कुठे नेलंत?"

मी दचकले. "मला विचारताय?"

"नाही हो... पाठांतर करतोय." तो ओशाळून हसला. "पण तुम्ही उत्तर दिलंत तर आवडेल."

"मी उत्तरं देत नाही. टाइप करते."

खरंच होतं ते. मी उस्तिना, संस्कृती खात्यातली टायपिस्ट. तो मिरोन. आठ वर्षं रंगभूमीवर नट, एका सिनेमात घोड्यावरून पडलेला, आणि आता स्वतःचं पहिलं नाटक बसवणारा. एक आई दारात उभी राहून येणाऱ्याजाणाऱ्याला विचारते, माझ्या मुलाला कुठे नेलंत? एवढंच नाटक. १९७३ साली, सोव्हिएत राजवटीत, आमच्याकडे एवढंही फार होतं.

मग तो रोज कसला ना कसला अर्ज घेऊन यायला लागला.

"आज काय लिहायचं?"

"लिहा — टायपिस्टबाई हसत नाहीत. चौकशी व्हावी."

"कोणाची?"

"माझीच. मला झोप लागत नाही..."

मी कागद बदलायच्या निमित्तानं खाली बघायचे. कान मात्र तापलेले असायचे.

जूनमध्ये त्याच्या नाटकावर बंदी आली. हुकूम मीच टाइप केला. एका ओळीत चार चुका झाल्या. मिरोननं तो वाचला, घडी घालून खिशात ठेवला.

"थिएटर त्यांचं," तो म्हणाला. "मावशीची अक्रोडाची झाडं तर आमची आहेत ना? रविवारी, दुपारी. येशील?"

पहिल्यांदाच मला 'तू' म्हणाला होता.

आमच्या बुर्याकसाहेबांनाही बातमी लागलीच. "उस्तिना, तू जा. कोण कोण येतं, नावं लिहून आण."

गेले. गवतावर दीडशे तरी माणसं होती. नाटकातल्या आईनं तो प्रश्न विचारला, तशी पुढे बसलेली एक म्हातारी उठून उभी राहिली. मग दुसरी. झाडाला टेकलेल्या मिरोननं माझ्या मांडीवरची वही पाहिली... मग मला. मी नजर खाली वळवली नाही.

सोमवारी वही साहेबांपुढे ठेवली. आत एकच नाव होतं.

"दीडशे जण होते म्हणे!"

"असतील. मला एकच ओळखता आलं."

"अगं, हे तर तुझंच नाव!"

"हो. अचूक लिहिलंय, साहेब."

"टेबल रिकामं कर!"

खाली फुटपाथवर मिरोन भिजत उभा होता. पुढे सहा वर्षं त्याला रंगमंच मिळाला नाही. वीटभट्टीवर राबला, लोकांच्या अंगणांत नाटकं केली. कीवच्या मोठ्या थिएटरचा दिग्दर्शक तो फार नंतर झाला. त्या दिवशी यातलं आम्हाला काहीच ठाऊक नव्हतं.

"गेली नोकरी?"

"गेली."

"उस्तिना... माझ्याशी लग्न केलंस, तर या शहरात तुला कोणी दारात उभं करणार नाही."

"आणि नाही केलं तर?"

त्यानं कपाळावरचं पाणी पुसलं. "तरीही... नाहीच करणार."

"मग वेळ कशाला घालवतोस?"

त्याचा चेहरा मी दोन्ही हातांत धरला. वर, दुसऱ्या मजल्यावरच्या खिडकीत बुर्याकसाहेब येऊन उभे राहिले होते.

बघू देत.