साक्षीगवत

टेकडीवरच्या कुरण वसाहतीतली बाग बघायला शहरातून लोक यायचे. गुलाबाचे वाफे नाहीत, कारंजं नाही. कमरेएवढ्या गवताच्या ठोंबांवर सायीच्या रंगाचे तुरे डुलायचे, बस्स. वर्षभर हात लावायचा नाही आणि फाल्गुनात एकदाच छाटायचं, एवढी शिस्त माळीकाम करणाऱ्या इंदुमतीच्या अंगवळणी पडली होती.

ते साधं गवत नव्हतंच. पूर्वी टेकडीवर रसायनांचा कारखाना होता, म्हणून बाग आखणाऱ्या मैत्रेयी देवधरांनी प्रयोगशाळेत घडवलेलं साक्षीगवत लावलं. मुळांना विष लागलं की नवे तुरे लाल यायचे. तीन वर्षं तुरे पांढरे राहिले आणि घरं हातोहात विकली गेली.

यंदा कार्तिकात कुंपणालगतचे तुरे लालभडक आले. लोकांनी हौसेनं फोटो काढले. मैत्रेयीबाईंनी मात्र पाहताक्षणी इंदुमतीला बाजूला घेतलं.

"मावशी, कारखान्याचं पुरलेलं विष पाण्याबरोबर उताराला चाललंय."

"बोभाटा नको," वसाहतीचा व्यवस्थापक घाईनं म्हणाला. "नर्सरीतून साधं लाल गवत आणा, सगळीकडे लावा. सगळंच लाल दिसलं की कोण विचारतंय?"

मैत्रेयीबाई तणतणल्या आणि शेवटी गप्प बसल्या. इंदुमतीनं चार दिवस खपून दोनशे ठोंब लावले. उताराला आपलंच घर आहे, हे तिच्या मनात आलं नाही असं नाही. पण बोअरचं पाणी तर गोड लागतं, अशी तिनं स्वतःची समजूत घातली. बाई भित्री होती आणि तिला नोकरी हवी होती.

पाचव्या दिवशी ती घरी आली तेव्हा सारिका पाण्याचा पेला घेऊन बोअरपाशी उभी होती. पहिलटकरीण लेक, सातवा महिना. श्रावणात इंदुमतीनंच हट्टानं तिला माहेरी आणलं होतं. त्याच सुमारास बागेतल्या साक्षीगवताचा एक फुटवा आणून तिनं बोअरशेजारी लावला होता, लेकीला बघायला बरं म्हणून.

"अगं आई, बघ तरी! आपल्या गवतालाही तुरा आला. तुमच्या बागेसारखाच लाल!"

इंदुमतीनं धावत जाऊन तिच्या हातातला पेला हिसकावला. पाणी पायरीवर सांडलं.

सारिका आईच्या तोंडाकडे बघत राहिली. तिचा हात आपसूक पोटावर गेला.

"श्रावणापासून हेच तर पितेय मी. आई, काय झालं गं?"