गार्बटबाईंचं फाटक

हसा लेको, हसा. फाटकाच्या खांबावरच्या रेघा म्हणे पोरांनी काढल्या! कीरन, तू तर जास्तच हसतोयस. मग आज घरी जाताना त्या खांबाला हात लावून ये. का? आता का गप्प? ग्लास खाली ठेव आणि ऐक. आणि जेड, ते दार लोटून घे बाई, माझे गुडघे धरतात.

ही माझी गोष्ट नाही, एडविन पास्कची आहे. त्यानेच मला सांगितली, आणि एडविन थापा मारणाऱ्यातला नाही. मागच्या वर्षी, नोव्हेंबरची एकोणीस तारीख, मंगळवार. संध्याकाळचे सव्वापाच, म्हणजे काळोख गुडुप्प. त्याची बायको विनी शनिवारी गेली होती आणि गुरुवारी अकराला तिचं दफन होतं. चर्चमध्ये कुठली गाणी म्हणायची याची यादी तिने स्वतःच लिहून ठेवली होती. एडविन ती पाद्रीबाईंना द्यायला निघाला होता. बस, एवढंच काम.

आपल्या खालच्या आळीतून चर्चला किती लांब? बीटाच्या शेतातून पाऊलवाट, मग रेल्वेचं फाटक, रूळ ओलांडले की पोचलात. सात मिनिटं. स्टेशन माझ्या लहानपणीच बंद पडलं, गाडी आता नुसती धडधडत निघून जाते. पण वाट आपली होती. खालच्या आळीचं माणूस गेलं की याच वाटेने खांद्यावरून जातं. मोटारीने न्यायचं तर पुलावरून जावं लागतं, आणि पूल शेजारच्या विकबी गावाच्या हद्दीत. मातीआड होईपर्यंत मेलेल्याने गावाची शीव ओलांडायची नाही, ही आपली रीत. विनीने तर एडविनकडून वचनच घेतलं होतं, "मला विकबीतून मिरवू नकोस हं. जन्मभर त्या लोकांशी मी बोलले नाही."

आणि एडविन फाटकाशी पोचला, तर फाटकाला कुलूप! नवं कोरं, मुठीएवढं. वर रेल्वेची पाटी. 'वाट बंद. वापर नाही.'

"वापर नाही? मग मी कोण, मेंढरू?" एडविन ओरडला आणि त्याने फाटकाला अशी लाथ घातली की पायाचा अंगठा आठवडाभर काळानिळा होता. दोन दिवसांवर दफन, आणि दिलेला शब्द या कुलुपापाशी अडलेला. रडायलाच आलं त्याला. "विनी, मी यांच्या बापाचं ऐकणार नाही," असं तो म्हणाला.

तेव्हा कोणीतरी खोकलं.

फाटकवालीच्या घरातून. ते घर बंद आहे, खिडक्यांना फळ्या ठोकलेल्या आहेत. तिथे गार्बटबाई राहायच्या. एकतीस वर्षं त्यांनी ते फाटक सांभाळलं. तुम्ही कोणीही असा, बाई आधी विचारणार, "किती जण?" जितके जण, तितक्या खडूच्या रेघा खांबावर. मग सिग्नलवाल्याला फोन, मग फाटक. मयताबरोबर गेलात तर मेलेलं माणूसही मोजायचं. एकदा एक नवखा खांदेकरी म्हणाला, सहा जण. बाई कडाडल्या, "आणि पेटीत कोण आहे रे, बटाटे?"

अकरा वर्षांपूर्वी बाई गेल्या. शहरातून पुतण्या आला, लांबलचक काळी मोटार घेऊन, आणि बाईंना चर्चला पुलावरून नेलं. विकबीतून! एकतीस वर्षं आमची मयतं पार करून देणारी बाई, आणि आम्ही टोप्या काढून नुसते बघत राहिलो. मला अजून लाज वाटते.

तर... खोकला त्या घरातून आला. एडविनने पाहिलं. फळ्यांच्या फटीतून उजेड येत होता. पिवळा. कंदिलाचा.

"कोण आहे?"

एडविन अजून मोठ्याने ओरडला.

"कोण आहे आत?"

मग आतून...

"किती जण?"

एडविन पळाला नाही पठ्ठ्या. आधीच डोकं तापलेलं. "गुरुवारी, अकराला," तो म्हणाला. "सहा खांदेकरी..."

शनिवारपासून त्याने विनी गेली असं तोंडाने म्हटलंच नव्हतं.

उजेड तसाच...

"...आणि विनी. सात."

उजेड गेला.

त्याच्या शेजारीच, खांबावर, खडूचा आवाज. खर्र.

हाताच्या अंतरावर. कोणी नव्हतं.

खर्र. खर्र. त्याने मोजले. सात.

गुरुवारी आम्ही विनीला उचललं. सगळ्यात पुढे एडविन, सगळ्यात मागे डावीकडे मी. बाकीची मंडळी पुलावरून जाऊन पलीकडे चर्चपाशी उभी होती. फाटकासमोर रेल्वेचा एक तरुण साहेब, हातात फाइल. "मागे फिरा, गाडीची वेळ झालीय," तो म्हणाला.

"फाटक उघडा," एडविन म्हणाला.

"किल्ली कचेरीत आहे."

"मग बाजूला व्हा. माझी बायको विकबीतून जाणार नाही."

साहेबाने कुलूप दाखवायला हात मागे नेला. कुलूप उघडं लोंबत होतं. दोन मिनिटांपूर्वी त्याने स्वतः ओढून पाहिलं होतं, हे मी माझ्या डोळ्यांनी बघितलं. आम्ही थांबलो नाही. दोन्हीकडचे सिग्नल लाल. एक्स्प्रेस बीटाच्या शेतापाशी उभी, ड्रायव्हर मान खाली घालून. सिग्नल कोणी लाल केले, ते पुढे कचेरीलाही कळलं नाही.

आणि रुळांवर...

मी सगळ्यात मागे होतो. माझ्या मागे कोणी नव्हतं.

खडीवर पावलं वाजत होती. जाड बुटांची.

मी वळलो नाही.

एक खोकला...

मी वळलो नाही!

विनीला तिच्या जागी ठेवलं, माती दिली. परत आलो तर साहेब फाटकाशीच उभा. फाइल उघडून म्हणाला, "हे बघा, ही वाट कोणी वापरत नाही, म्हणून..."

एडविनने खांबाकडे बोट केलं. "मोजा साहेब. एका रेघेला एक माणूस, आजच्या एका दिवसातले."

साहेबाने मोजल्या. पुन्हा मोजल्या. रुमाल ओला करून पुसून पाहिल्या, एकही निघेना. मग हळूच म्हणाला, "आठ आहेत. पण मी तर पेटीतलं माणूस धरूनही सातच पाहिले."

"आठवी आमचीच आहे," एडविन म्हणाला. "अकरा वर्षं खोळंबली होती."

साहेबाने कुलूप खिशात घातलं आणि निघून गेला. नवं कुलूप अजून आलेलं नाही. दोनदा खांब रंगवून गेले, वर्षभराचा पाऊस पडला. जा कीरन, जाता जाता मोजून बघ. आठच्या आठ आहेत.