सुकदेव आबांची माघार

आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा दिवस. सकाळीच वर्षाच्या बोलीवर शेतात राबणाऱ्या सालदार जीवरामचं साल संपलं. आबांनी त्याला नवं धोतर दिलं, पुढच्या सालाचं ठरवलं आणि म्हणाले, "आता उद्यापर्यंत मोकळा रे तू."

पुरणपोळी खाऊन आबांची लेक कोकिळा मैत्रिणींबरोबर झोक्यावर गेली. परतली तेव्हा आबा घरी नव्हते. संध्याकाळी निरोप आला: सुकदेव आबा दोंडाईचाच्या स्टेशनवर बसल्या जागीच वारले. खिशात जळगावचं तिकीट होतं.

महिन्याभराने ती जळगावात खाजगी तपासनीस नासीर काझींसमोर बसली होती. शेजारी त्यांचा मदतनीस हिलाल शेंगदाणे खात होता.

"सरकारने तंत्रशिक्षणात मुलींना फी माफ केली, नासीरभाऊ. आमची संस्था म्हणते, तो नियम आम्हाला लागू नाही. मी तेव्हा अठराची नव्हते, कायद्याने अज्ञान, म्हणून आबांनी माझ्या वतीने धुळ्याला दावा लावला. आता संस्थेने त्यांच्या सहीचा अर्ज दिलाय. दावा मागे घेतो म्हणून. तारीख आखाजीची."

"सही त्यांचीच?"

"हो. पण प्रवेशाच्या वेळी कॉलेजने कोऱ्या कागदांवरही सह्या घेतल्या होत्या."

"दमले असतील आबा," हिलाल म्हणाला. "कोर्ट म्हणजे..."

तिचा चेहरा पाहून त्याने शेंगदाण्यांची पुडी बाजूला ठेवली. दावा गेला तर तिचं शेवटचं वर्ष बुडणार होतं. पण झोप उडवली होती ती दुसऱ्याच शंकेने. आबांनी आपल्याला न सांगताच हात टेकले का?

गावी नासीरसमोर तिच्या भाईदासकाकांनी मुलींच्या शिक्षणावरून आवाज चढवला. "अंडेरले शिकाडीसन काय फायदा? मी बठ्ठासले हेच सांगस!"

"आखाजीच्या दुपारी कुठे होतात, काका?"

"मंदिरमा."

कोपऱ्यात बसलेल्या जीवरामला हसू फुटलं. त्याने उपरण्यात तोंड लपवलं.

"बावन्न देव असतात त्या मंदिरात?" नासीरने विचारलं. काकांनी मान खाली घातली.

"बावन्न?" हिलाल पुटपुटला.

कॉलेजचा हेडक्लार्क बन्सीलाल दोंडाईचात राहत होता. त्याने चहा मागवला.

"आबा दुपारी माझ्याच घरी आले. राजीखुशीने सही केली. त्यांचा गडी जीवराम बैलगाडी घेऊन दारात थांबला होता. त्याला पाणी मीच दिलं."

"तुम्ही मूळचे कुठले?"

"जळगाव शहरातला. तीन पिढ्या नोकरी. शेतीबिती नाही आमच्यात."

सुनावणीच्या दिवशी धुळ्याच्या कोर्टाच्या व्हरांड्यात नासीरने सगळ्यांना गाठलं.

"खोटं काका बोलले," हिलाल ठामपणे म्हणाला.

"बोललेच. आखाजीला बावन्न पत्ते कुटत बसलो होतो, हे तपासाला आलेल्या माणसाला कोण सांगेल? आणि जीवराम हसला, कारण तोही त्याच डावात होता."

"मग अर्ज?"

"आखाजीला जुनं साल संपतं. नवं दुसऱ्या दिवशी. मधल्या वेळात सालदार कुणाचाच गडी नसतो. त्याला त्या दिवशी गाडी जुंपायला कुठलाही मालक सांगत नाही. काका हजार थापा मारतील, ही थाप मारणार नाहीत. ती शेतकऱ्याच्या घराबाहेर वाढलेल्या माणसालाच सुचते." तो बन्सीलालकडे वळला. "साक्षीदार हवा म्हणून तुम्ही गडी उभा केलात. नेमका त्याच दिवशी!"

"माझा... दिवसाचा घोळ झाला असेल."

"दिवस तर तुमच्याच अर्जावर आहे. कोऱ्या कागदावरची सही हाताशी होती, आणि मेलेला माणूस उलटून बोलणार नव्हता."

काका तोंडातलं पान थुंकून पुढे आले. "जीवराम दुपारभर मन्हा समोर डावमा बठेल व्हता. कोर्टमा सांगसू मी."

"आणि आबा?" कोकिळाने विचारलं. तिचा हात खांबावर होता.

"तुमच्या वकिलांना भेटलो मी जळगावला. आबा त्या रात्री त्यांच्याकडे मुक्कामाला येणार होते. तारखेची तयारी करायला. त्यांनी माघार घेतली नव्हती, ताई. ते लढायला निघाले होते."

आतून पुकारा झाला.

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "तुम्ही आता सज्ञान आहात. दावा पुढे चालवायचा आहे?"

कॉलेजात, वकिलाकडे, भावकीत, तिच्या वतीने नेहमी आबाच बोलले होते. तिचं मन त्यांनी विचारलं नव्हतं. तिनेही कधी सांगितलं नव्हतं.

"हो," ती म्हणाली. मागच्या बाकापर्यंत ऐकू गेलं. "मला शिकायचं आहे."