हेडमास्तरांची वरची खोली

कुलूप उघडायला गेला होता तो. रोजचंच काम.

तुम्ही कुणी त्याला पाहिलेलं नाही. माझ्या घड्याळदुरुस्तीच्या दुकानाला लागूनच त्याचं दुकान. दुकान कसलं, एक टेबल, किल्ल्या घासायचं मशीन आणि मागं भिंतभर लटकवलेल्या किल्ल्या. सगळे त्याला किल्लीवालाच म्हणायचे, बायकोसुद्धा. हात असा हलका, की अडून बसलेलं कुलूप त्याच्यापुढं मुकाट्यानं उघडायचं. घरी आठ वर्षांची एकुलती एक मुलगी. तिच्यावर मात्र तोच हात जड व्हायचा.

मघाशी जेवताना तू म्हणालास ना, की काका, आम्हीही मार खाल्ला, आमचं काय बिघडलं? अगदी हेच तो म्हणायचा. मी काही बोलायला गेलो की म्हणायचा, "हेडमास्तरांनी बडवलं म्हणून मी माणसात आलो. तुम्ही घड्याळं बघा. तुम्हाला ना मूल ना बाळ, तुम्हाला काय कळणार?" मग मी पुन्हा भिंगात डोळा घालायचो.

मागच्या वर्षीचा नोव्हेंबर. दुसरा मंगळवार. मुलीनं गृहपाठाची वही हरवली आणि घरी लपवलं. संध्याकाळी ते बाहेर आलं. त्यानं फूटपट्टी घेतली. दोन्ही तळहातांवर पाच-पाच. पोरगी रडली नाही, याचा त्याला जास्त राग आला. तेवढ्यात फोन वाजला. साडेआठ वाजले होते.

फोन हेडमास्तरांचा. निवृत्त होऊन पंधरा वर्षं झालेली, बायको वारलेली. गल्लीच्या टोकाच्या दुमजली घरात एकटेच राहायचे.

"वरच्या खोलीचं दार उघडून दे. किल्ली हरवलीय."

"उद्या सकाळी आलो तर चालेल का, सर?"

"आज ये. अजून एक रात्र मला नको."

ज्या माणसासमोर चाळिशीतही आपण आपोआप ताठ उभे राहतो, त्याला नाही कसं म्हणणार? पिशवी उचलून निघाला. पावणेनऊला दारात होता.

हेडमास्तर फार वाळले होते. बाहेरच्या खोलीत एकच खुर्ची, तीही टीव्हीच्या अगदी जवळ ओढलेली. टीव्ही चालू, आवाज मोठा. मोरीपाशी एक ताट, एक वाटी, एक पेला पालथा घातलेला. त्या घरात सगळं एकेकच होतं, असं तो मला म्हणाला. त्यानं टीव्ही बंद करायला हात पुढं केला, तर हेडमास्तर घाईनं म्हणाले, "राहू दे. चालू राहू दे."

जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर ते थांबले. "तू जा वर. डावीकडचं शेवटचं दार. मी इथंच आहे."

वर बोळासारखी अरुंद जागा. टोकाला बुटकं दार, अडगळीच्या खोलीला असतं तसं. दारातच बसवलेलं जुनं कुलूप, दोन्ही बाजूंना पितळी पट्ट्या. त्याच्या दृष्टीनं अर्ध्या मिनिटाचं काम. गुडघ्यांवर बसला. बॅटरी दातात धरली. तारेचा आकडा भोकात घातला.

खालचा टीव्ही इथं ऐकू येत नव्हता.

आकडा फिरवला. आत काहीतरी सरकलं... कुलपात नाही. कुलपाच्या पलीकडं.

तो थांबला. उंदीर असेल, असं वाटलं. पुन्हा आकडा फिरवला.

"बाबा..."

अगदी हळू. भोकाला तोंड लावून बोलावं तसं.

"बाबा, मी आता नाही करणार."

बॅटरी दातातून पडली, घरंगळत भिंतीशी गेली. तिचा उजेड भलतीकडंच. त्यानं जिन्याकडं तोंड करून हाक मारली, "सर... आत कुणी आहे का?"

खालून आवाज आला, "तुलाही ऐकू येतं?"

"कोण आहे?"

"माझा मुलगा."

"सर, त्याला कोंडलंत?"

"तो एकेचाळीस वर्षांचा आहे." हेडमास्तर वर्गात सांगावं तसं सावकाश सांगत होते. "परदेशात असतो. ठणठणीत आहे. अकरा वर्षं झाली, माझ्याशी बोलत नाही. लहान असताना चुकला की मी मारायचो, आणि मग तिथं कोंडायचो. तासभर. कधी दोन तास. त्याच्या भल्यासाठीच... त्याची आई गेल्यापासून हे सुरू झालं. रोज याच वेळेला. किल्ली हरवली नाही रे. मीच फेकून दिली. वाटलं, उघडायची सोयच नसली तर थांबेल."

नाही, मुलगा मेलेला नव्हता. अजूनही आहे तो, धडधाकट. म्हणून तर मला ही गोष्ट कुठं ठेवावी ते कळत नाही.

किल्लीवाल्याला उठून पळायचं होतं. पण आकडा भोकात तसाच होता.

आत पुन्हा हालचाल. कुणीतरी दाराजवळ सरकलं.

"बाबा, दार उघडू नका ना."

आवाज बदलला होता.

"मी आतच बरी आहे."

बरा नाही.

बरी.

तो आवाज त्याला ओळखू यायला वेळ लागला नाही. रोज सकाळी वेणी घालून घेताना आईशी भांडणारा आवाज. अर्ध्या तासापूर्वी दहा फटके खाऊन जो उमटला नव्हता, तो.

मग त्यानं आकडा कसा फिरवला, किती वेळ फिरवला, त्याला आठवत नाही. आकडा निसटायचा. पुन्हा घालायचा. तोंडानं नुसतं, उघडतो, उघडतो...

कुलूप उघडलं. दार ढकललं.

आत कुणी नव्हतं.

चार पावलांची खोली. खिडकी नाही. त्यानं बटण दाबलं, दिवा लागला. रिकाम्या फळ्या. जमिनीवर धूळ, आणि धुळीवर एकही पाऊल नाही.

मागं पायऱ्या वाजल्या. हेडमास्तर आले होते. त्याच्याकडं न बघता ते आत गेले, कोपऱ्यात खाली बसले. म्हातारा माणूस, पण गुडघे छातीशी घेऊन बसला.

"दार लाव."

"नाही लावणार, सर."

आयुष्यात पहिल्यांदा त्यानं त्यांचं ऐकलं नाही. स्क्रूड्रायव्हर काढला. स्क्रू सोडवून कुलूप पट्ट्यांसकट उपटलं, पिशवीत टाकलं. आता त्या दाराला भोकाशिवाय काही उरलं नाही. "चला खाली," तो म्हणाला. हेडमास्तर हलले नाहीत. तो जिना उतरू लागला तेव्हा वरून त्यांचा आवाज आला, हळू, लहान पोरासारखा. "मी आता नाही करणार..."

मग ते थांबले. कुणी उत्तर देतंय का, ते ऐकत असावेत.

कुणी दिलं नाही.

तो घरी पोचला तेव्हा मुलगी भिंतीकडं तोंड करून झोपली होती. बायकोला विचारलं, तर म्हणाली, तू गेल्यापासून शब्द बोलली नाही. तो पलंगाजवळ उभा राहिला. तिचं पांघरूण सरकलं होतं. ते वर ओढायला त्यानं हात पुढं केला.

झोपेतच तिनं दोन्ही हात डोक्यावर घेतले.

हे सांगताना तो रडला. चार दिवसांनी, माझ्या दुकानात, शटर अर्धं ओढून. खोलीतला आवाज सांगताना रडला नव्हता. त्यानंतर त्यानं तिच्यावर हात उगारला नाही. पण पोरगी अजून त्याच्या जवळून जाताना खांदे आवळून घेते. त्याला ते दिसतं. तो दोन्ही हात खिशात घालून उभा राहतो.

हेडमास्तर आहेत अजून. मी कधीमधी जाऊन बसतो. आता आवाज येत नाही म्हणतात. हे ते आनंदानं सांगत नाहीत. मुलाचा फोन नाही. झोपायला त्याच खोलीत जातात.

ते कुलूप किल्लीवाल्यानं माझ्याकडं ठेवलं. घरी नको म्हणाला. दुकानात माझ्या भिंगाखाली घेऊन मी ते नीट पाहिलं. बाहेरच्या बाजूची पट्टी कोरडी, काळवंडलेली. आतल्या बाजूची पट्टी... तिच्यावर भोकाभोवती वाफ धरली होती. आरशावर श्वास सोडल्यावर धरते, तशी. मी फडक्यानं पुसली. दुकान बंद करताना पाहिलं, तर पुन्हा होती.

नंतर एप्रिल गेला, मे गेला. पितळ हाताला चटका देईल असं ऊन. मी रोज पुसतो. रोज रात्री नऊच्या सुमाराला ती परत येते. एवढासा गोल. लहान तोंडाएवढा.